माजी मंत्र्यास बाह्यरुग्ण विभागात शिकाऊ म्हणून उभे राहू देण्याबाबत

दिनांक : १९ जून २०२५

प्रति,
मा. जिल्हा शल्य चिकित्सक,
यवतमाळ.

अर्जदार : डॉ. धरमसिंग खेमा आडे, माजी खासदार व माजी केंद्रीय राज्यमंत्री, रा. बेलतांडा, ता. दिग्रस.

विषय : दिग्रस येथील ग्रामीण रुग्णालयाच्या नव्या इमारतीस अर्जदाराचे नाव न देणेबाबत, आणि त्याच रुग्णालयात अर्जदारास शिकाऊ म्हणून बिनपगारी उभे राहू देणेबाबत.

संदर्भ : नामकरणास संमती मागणारे आपल्या कार्यालयाचे पत्र, दि. ९ जून २०२५.

महोदया,

आपले पत्र अर्जदारास मिळाले. अर्जदाराने गेल्या महिन्यात प्रसंगावधान राखून तांड्यातील एका वृद्ध महिलेचे प्राण वाचवले, असा त्यात गौरवाने उल्लेख आहे. वर्तमानपत्रातही तसेच छापून आले होते. ते खरे नाही. इमारतीवर नाव कोरले जाण्याआधी खरे काय घडले ते आपणास कळवणे अर्जदारास भाग आहे.

अर्जदार हा बंजारा तांड्यातला पहिला डॉक्टर. नागपूरहून एमबीबीएस होऊन आल्यावर त्याने दिग्रसला दवाखाना टाकला, पण सुरुवातीला कोणी फिरकले नाही. तांड्यातल्या पोराच्या हातून सुई टोचून घ्यायला तांडाच तयार नव्हता. तेव्हा अर्जदाराची मावसबहीण, त्याला 'भिया' म्हणजे भाऊ म्हणणारी रामीबाई पवार तापाने फणफणलेले लेकरू घेऊन आली. लेकरू बरे झाले आणि आठवडाभरात तिने निम्मा तांडा दवाखान्यात आणून बसवला. पुढे गॅस्ट्रोची साथ आली, त्या वर्षी अर्जदार सलाइनच्या बाटल्या घेऊन मोटारसायकलवर तांडोतांडी फिरला. लोकांनी ते लक्षात ठेवले आणि त्याला जिल्हा परिषदेला उभे केले. रामीबाई घरोघर जाऊन सांगत असे, "आपला डॉक्टर हाय. याले मत नाही देशान तं कोनाले देशान?"

त्यानंतर विधानसभा झाली, लोकसभा झाली. दिल्लीत राज्यमंत्रिपद मिळाले, पक्षाचे राष्ट्रीय सरचिटणीसपद मिळाले. दवाखाना आधी फक्त संध्याकाळी उघडू लागला, मग फक्त रविवारी, आणि शेवटी ते शटर मोबाइलच्या दुकानाला भाड्याने गेले. नावामागचे 'डॉ.' मात्र प्रत्येक फलकावर राहिले. सभागृहात आरोग्यावर चर्चा निघाली की पक्ष अर्जदारालाच उभा करी, आणि अर्जदार बोलतही बरा असे. स्टेथोस्कोप गळ्यात पडे तो प्रचाराच्या फोटोपुरता. आपल्यातला डॉक्टर नेमका कधी संपला, हे अर्जदाराच्या ध्यानात आले नाही, आणि ते ध्यानात यावे असे त्याला वाटलेही नाही.

गेल्या महिन्यात तांड्यात पाण्याच्या टाकीचे उद्घाटन होते. ऊन मी म्हणत होते. भाषणे चालू असताना बायकांमध्ये बसलेली रामीबाई एका अंगाला कलंडली. "डॉक्टरसाहेब हायेत, सरका, सरका," म्हणत लोकांनी अर्जदाराला वाट करून दिली. अर्जदाराने तिचा हात हातात घेतला, डोळ्यांत पाहिले. सगळा मांडव त्याच्याकडे पाहत होता. रामीबाईची सून प्रियंका म्हणाली, "मामाजी, आत्याबाईचं तोंड वाकडं दिसून राह्यलं. एकशे आठले फोन लावू का?"

अर्जदार म्हणाला, "कायले घाबरतं? ऊन लागलं हाय. सावलीत निजव, साखरपानी दे."

तोंड वाकडे झाले म्हणजे काय, हे आज गावातली आशाताईही सांगते. अर्जदाराने पूर्वी पन्नास वेळा ते पाहिले होते. त्या दिवशीही त्याला ते दिसले. पण नक्की समजत नाही असे चारचौघांत म्हणण्याची सवय मोडली होती. तो पुन्हा मंचावर गेला आणि त्याने भाषण पुरे केले. डॉक्टरांनी पाहिले आहे म्हटल्यावर कोणी फोन लावला नाही. दुपार उलटली, रामीबाईचा उजवा हात उचलेना, तेव्हा अर्जदाराच्याच गाडीतून तिला यवतमाळला नेले. ती गाडी तेवढी बातमीत आली. तिथल्या डॉक्टरांनी तपासून सांगितले, मेंदूत रक्ताची गाठ अडकली आहे. वेळेत आणले असते तर ती विरघळवण्याचे इंजेक्शन देता आले असते, आता ती वेळ निघून गेली.

अर्जदाराने वर्तमानपत्राला खुलासा लिहायला घेतला. त्याचे जुने कार्यकर्ते पूनमसिंग यांनी कागद हातातून काढून घेतला. "साहेब, बाईचं वय झालतं. कोन तुम्हाले दोष देऊन राह्यलं? कायले उकरता?" दोष खरोखरच कोणी देत नाही. प्रियंकासुद्धा नाही. अर्जदार घरी आला की ती पदर सावरून चहा ठेवते आणि वर पाहत नाही. रामीबाईची जीभ थोडी सुटल्यावर अर्जदाराने तिच्या खाटेजवळ बसून सगळे कबूल केले. ती अडखळत म्हणाली, "तू पाह्यलं होतं ना, भिया. म्हून मी बिनघोर होती." त्या दिवसापासून अर्जदाराला जेवण गोड लागत नाही.

सबब विनंती की, इमारतीला अर्जदाराचे नाव देऊ नये. तसेच तेथील वैद्यकीय अधिकारी डॉ. अपेक्षा भगत यांच्या हाताखाली त्यास उभे राहू द्यावे. अर्जदार दोनदा तिथे जाऊन आला. डॉ. भगत यांनी उठून त्याला स्वतःची खुर्ची दिली आणि रुग्ण त्यांना सोडून अर्जदाराकडेच वळले. "सर, तुमच्यासमोर मला कोणी विचारत नाही. वरून लेखी आणा, म्हणजे मलाही तुम्हाला शिकवता येईल," असे त्या म्हणाल्या, ते रास्त आहे. आदेशात 'माजी मंत्री' असे लिहू नये. अर्जदाराच्या वैद्यकीय नोंदणीची मुदत कधीच संपली आहे. तो औषध लिहिणार नाही, रुग्णास हात लावणार नाही, लावावा लागला तर विचारून लावील. कोणी पुसले तर हे शिकत आहेत, असे सांगावे.

हा अर्ज तातडीचा समजावा. गेल्या रविवारी घर माणसांनी भरलेले असताना रामीबाईने विचारले, "भिया, हात येईन का वापस?" सगळे अर्जदाराच्या तोंडाकडे पाहू लागले. 'येईल' हा शब्द अगदी ओठांवर आला होता.

"मले नाही माहीत, बाई," अर्जदार म्हणाला. "विचारून सांगतो."

प्रियंकाने मान वर करून पाहिले. रामीबाई डाव्या हाताने उजवा हात पोटावर ओढून घेत म्हणाली, "मंग विचार ना लवकर."

आपल्या आदेशाची वाट पाहणारा,
(सही)
धरमसिंग खेमा आडे

सोबत :
१. एमबीबीएस पदवीची प्रत
२. मुदत संपलेल्या नोंदणीची प्रत
३. श्रीमती रामीबाई पवार यांच्या डिस्चार्ज कार्डाची प्रत (त्यांच्या संमतीने, डाव्या हाताच्या अंगठ्यासह)