तिसरी किल्ली

जाऊबाई,

तुम्हाला नमस्कार लिहायला हात धजत नाही, तेव्हा तो राहू दे.

मी सुटले, हे कानावर आलं असेल. हल्ली किल्ल्या बनवणाऱ्याच्या दुकानात कामाला आहे. मालकाला सगळं ठाऊक आहे. पहिल्या दिवशी म्हणाला, "कुलपांची सवय आहेच तुला," आणि स्वतःच ओशाळला. मी मात्र सात वर्षांत पहिल्यांदा खळखळून हसले.

परवा भाऊजी आले. माझे केस पिकलेत, त्यांनी ओळखलंच नाही. आपल्या घराची किल्ली काउंटरवर ठेवून म्हणाले, "हिच्यासारखी आणखी एक बनवून द्या. बायको दुपारी गोळी घेऊन झोपते. बेल वाजवून वाजवून बोट दुखतं, ती ढिम्म हलत नाही."

गोळीशिवाय झोप लागत नाही का हो तुम्हाला? सासूबाईंना मी जिन्यावरून ढकललं, असं कोर्टात शपथेवर सांगताना तर तुमचा आवाजही कापला नव्हता. त्या दिवशी त्यांच्या मागे कोण उभं होतं, हे आपल्या दोघींनाच माहीत आहे.

बिघडलेली किल्ली आम्ही भंगाराच्या डब्यात टाकतो. "पहिली बिघडली," असं सांगून मी भाऊजींना दुसरी बनवून दिली. पहिली बिघडली नव्हती. काल दुपारी तुमच्या दाराला लावून पाहिली, अलगद फिरली. दार न ढकलता परत आले.

कुलूप बदला, एवढंच कळवायला लिहायला बसले. पाकिटावर पत्ताही घातलाय, टपालपेटी दुकानासमोरच आहे. पण पत्र टाकलं, तर तुम्ही खरंच कुलूप बदलाल.

तुमची,
धाकटी जाऊ