मधला मोकळा मजला

प्रिय भिंगरी,

गेल्या रविवारी तू आलीस, जेवलीस, बाबांच्या गुडघ्याची चौकशी केलीस आणि निघताना चपला घालता घालता म्हणालीस, "आई, एका जुन्या टॉवरचं नूतनीकरण आलंय आमच्याकडे." कुठला, ते मी विचारलं नाही आणि तूही सांगितलं नाहीस. दार लावून बाबा म्हणाले, "पोरगी काहीतरी गिळून गेली." ते मलाही कळलं होतं.

तू नाव टाळलंस म्हणजे तो माझाच टॉवर असणार, म्हणून दुसऱ्या दिवशी मी तिकडे गेले. आजूबाजूच्या काचेच्या इमारतींत तो जरा जुनाट दिसतो खरा, पण काय ताठ उभा आहे! खिडक्या हातभर आत घेतल्या होत्या ना, त्यामुळे दुपारचं ऊन अजून टेबलापर्यंत पोचत नाही. खांब बाहेरच्या अंगाला काढले होते, म्हणून आत कुणाच्या आड काही येत नाही. लिफ्टशेजारी तुमची नोटीस चिकटवलेली होती, तुझ्या सहीसकट. मधला मजला बंद करून तिथे ऑफिसं काढणार म्हणे. नोटिशीत त्या मजल्याला 'निरुपयोगी जागा' म्हटलंय. हा शब्द तुझा नसावा अशी आशा आहे.

तो मजला कसा झाला, हे तुला कधी नीट सांगितलंच नाही. ते काम आलं तेव्हा आमच्या ऑफिसात मी एकटी बाई इंजिनियर. वाऱ्याचा हिशेब माझ्याकडे आला, कारण तो बाकी कुणालाच नको होता. सगळीकडून उघडी जागा, त्यात इमारत उंच नि सडपातळ. वारा सुटला की वरचे मजले डुलणार हे उघड होतं. एक तर खांब चांगले जाड करायचे, नाहीतर मध्ये एक अख्खा मजला भिंतींविना सोडून वाऱ्याला वाट करून द्यायची. मी दुसरं सुचवलं. मालक उसळलेच. "बाई, मजला रिकामा ठेवायला मी काय वेडा आहे?" मी म्हटलं, "नाही, पण वरच्या भाडेकरूंच्या टेबलावरचा चहा हिंदकळला की फोन तुम्हालाच येतील." आमच्या मोठ्या साहेबांनी माझ्या पोटाकडे बघून म्हटलं, "तुम्ही आता घरी आराम करा, हे आम्ही बघतो." पोटात तू होतीस. मी आराम केला नाही. हेल्मेट चढवून मालाच्या लिफ्टमधून वर जात राहिले. मी घरी बसले तर तो मजला एका बैठकीत भरून टाकतील, हे मला पक्कं ठाऊक होतं. शेवटी मालकच कंटाळून म्हणाले, "ठेवा बाई तुमचा वारा!"

आता खरं सांगते. जाड खांबांनीही भागलं असतं, आणि तेही मी त्यांना हिशेबासकट दाखवलं होतं. पण मला तो मजला हवा होता. दिवसभर बंद खोलीत मान मोडून काम करणाऱ्या माणसाला चार पावलं मोकळ्यावर टाकता यावीत, तिथे त्याला कुणी पास विचारू नये, एवढाच माझा हट्ट. सोमवारी वर गेले तर कठड्याजवळ डबे उघडलेले. हिशेब विभागातली एक बाई सरकून मला जागा देत म्हणाली, "बसा ना. इथे बसलं की डोकं जरा ताळ्यावर येतं." मी कोण, हे तिला माहीत नव्हतं. मीही सांगितलं नाही. बसले, तिच्या डब्यातले दोन घास खाल्ले, आणि उतरताना माझा विचार ठरलेला होता.

तुझा युक्तिवाद मला पाठ आहे. गच्चीवर वजनदार यंत्र बसवलं की डुलणं थांबतं, मग मोकळ्या मजल्याची गरज काय? बरोबर आहे तुझं. ते गणित मी स्वतः करून पाहिलं आणि ते चोख आहे. वाऱ्याच्या मुद्द्यावर मी तुझ्याशी भांडणारच नाही. मी भांडणार आहे ती माणसांसाठी. पालिकेत जाऊन तुमचे नकाशे पाहिले, त्यांत ती कुठेच दिसली नाहीत.

उद्या पालिकेत सुनावणी आहे. आक्षेप घेणाऱ्यांत पहिलं नाव माझं आहे. तू नकाशे उलगडशील आणि समोरच्या खुर्चीत मी बसलेली असेन. ते तुला तिथे अचानक कळू नये, म्हणून हे पत्र. बाबा म्हणतात, पोटच्या पोरीविरुद्ध उभी राहतेस? राहते. तू चूक करत असताना गप्प बसायचं, एवढी परकी मी तुला कधी मानलेली नाही. तूही पूर्ण तयारीनं ये, मला वाट्टेल ते अवघड प्रश्न विचार. मी तुझी गय करणार नाही. आणि आई समोर आहे म्हणून तू माझी केलीस, तर मात्र मला फार लागेल.

तुझ्यासमोर आणि तरीही तुझीच,
आई