कोरड्या दिवसाचे पतंग

भूम, ५ सप्टेंबर २०२४

चि. जाई हिस,
शामलाकाकूचे अनेक आशीर्वाद.

तू अभ्यासासाठी माझ्या अंगणात ठेवलेला कमळाचा टब रिकामा झाला, म्हणून लिहावं लागतंय. फोनवर तू रडशील, मी रागवेन आणि कामाचं राहून जाईल. पत्र शेजारच्या उत्कर्षच्या हाती देते. धाराशिवला कामाला येतो, तो तुला आणून देईल.

आज गल्लीत कोरडा दिवस होता. डासांसाठी साठलेलं पाणी ओता, म्हणून आशाताई दारोदार सांगत होत्या. तुझ्या काकांना असं कुणी सांगायचाच अवकाश. त्यांनी टब मोरीत उपडा केला आणि तरंगणारे पानांचे तुकडे घंटागाडीत टाकले. वर मलाच म्हणाले, की कसली घाण सांभाळत बसली होतीस. त्या प्रत्येक तुकड्यात तुझ्या पाणपतंगाची एक अळी घर करून होती, हे सांगेपर्यंत गाडी वळली होती. कमळ तेवढं बादलीत ठेवलंय, फूल येईल म्हणून.

उपाय असला तर कळव. नसला तरी कळव.

तुझीच,
काकू

धाराशिव, ६ सप्टेंबर

ती. शामलाकाकूंना,
जाईचा सा. न.

आधी रडले, मग जेवले, मग डोकं चाललं. मोठ्या अळ्यांनी खाणं थांबवलं होतं. कोष करायची वेळ आली की अळी तरंगत नाही. आपलं पानाचं घर पाण्याखाली देठाला चिकटवते आणि आत बसते. म्हणून कमळाचे देठ बघा. ओढू मात्र नका. काही दिसलं तर बादलीवर मच्छरदाणी बांधा. पतंग चारच दिवस जगतात आणि पानाच्या खालच्या बाजूला अंडी घालतात. ती मी अजून पाहिलेलीच नाहीत. अंडी नसतील तर प्रकल्पाचा विषय बदल, असं कॉलेजातल्या मॅडम म्हणतात.

काकांना रागावू नका. म्हणजे थोडं रागवा.

आपली,
जाई

भूम, १८ सप्टेंबर

चि. जाईस आशीर्वाद.

सुटलो एकदाचे. कोष देठांनाच होते. मी बोटसुद्धा लावलं नाही. काका आता बादलीजवळ खुर्ची टाकून राखण करतात आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला हळू बोलायला लावतात. पतंगाला कान असतात का, ते त्यांना तूच सांग. आशाताई पुन्हा आल्या, तर काकांनी त्यांनाच अळीपासून पतंगापर्यंत सगळं ऐकवलं. बाईंनी मच्छरदाणी नीट बांधलीय ना, तेवढं पाहिलं आणि म्हणाल्या, की काका, आता शेजारचं बॅरल बघू द्या.

शुक्रवारी संध्याकाळी पहिला पतंग निघाला. नखाएवढा, पांढरा, पंखांवर तपकिरी रेघा. एवढ्याशा जिवापायी आठवडाभर मी दिवसातून दहादा बादलीत डोकावत होते. पण देखणा आहे, हे कबूल.

आज पान उलटून पाहिलं. पिवळसर दाणे, एकाला एक खेटून. चष्म्यावर विश्वास नको म्हणून भिंगातूनही पाहिलं. अंडीच आहेत. विषय बदलायचं कारण नाही, असं मॅडमना माझ्या नावानं सांग.

अशीच हक्काची राहा.

काकू

उत्कर्षजवळ दिलेलं: झाकणाला भोकं पाडलेला स्टीलचा डबा, आत ओल्या फडक्यावर अंड्यांसकट पान. भाकरी-चटणीचा डबा निराळा. त्यावर नाव घातलंय. पानाचा डबा काकांनी स्वतः दिला, दोन्ही हातांनी.