अर्धी राहिलेली गिरकी

पॅरिस, ५ जून १८९८

ती. आईस, झेलीचा शि. सा. न. वि. वि.

डोळ्यांनी बघितल्याशिवाय कोळसेवाल्याला पोरगी देणार नाही, हा तुझा हट्ट. विताल कोळशाचं दुकान टाकून येऊ शकत नाही, तू गाई सोडून येत नाहीस. मधल्या मधे मी म्हातारी व्हायची.

पण तोड निघाली आहे. हलत्या चित्रांच्या यंत्रवाल्याला आपल्याकडचा नाच हवा होता. चित्राला ऊन लागतं म्हणून मला आणि वितालला गच्चीवर नाचवलं. पुंगीवाल्याला मात्र परत पाठवलं; म्हणे, चित्रात आवाज उमटत नाही, मग वाजवणारा कशाला. आम्ही मनातल्या मनात चाल धरून नाचलो. ते चित्र ओरियाकच्या जत्रेत येतंय. तिथे त्याला नीट बघून घे.

तू नाही म्हणालीस तर तुझा शब्द मोडणार नाही, पण रडेन फार. लोभ आहे तो वाढवावा, निदान लग्नापुरता तरी.

तुझी झेली

सालेर, २० जुलै १८९८

चि. झेलीस अ. उ. आ.

जत्रेला जाऊन आले. तुझा ब्लेझमामा पुंगी घेऊनच निघाला. भाची मुक्यानं नाचते हे त्याला बघवेना. तंबूत अंधार झाला आणि पडद्यावर तू आलीस, राखेच्या रंगाची, पण तूच. मला रडूच आलं.

मामा वाजवू लागला, तर पुंगी तुम्हा दोघांच्या पायांशी एकदम जुळेना. तो यंत्रवाल्यावर उखडला. मी पाय बघितले. अगं वेंधळे, तू नाचत होतीस आपल्या खोऱ्याची चाल आणि तो त्याच्या गावची, डोंगरापलीकडची. कोणती धरायची ते आधी ठरवायला नको? शेजारची रोझाली फिदीफिदी हसली, म्हणाली, यांची तोंडं लग्नाआधीच दोन दिशांना. नको हे स्थळ, म्हणून मी उठलेच होते.

मामानं चित्र पुन्हा लावायला लावलं. तेव्हा दिसलं. मध्येच वितालनं तुझ्या पायांकडे पाहिलं, गुपचूप आपली चाल सोडली आणि तुझी धरली. तुला पत्ताही नाही, तू आपली नाक वर करून नाचतेयस. तुझ्या वडिलांना उभ्या जन्मात हे जमलं नाही, देव त्यांना शांती देवो.

मेलं ते चित्र ऐन गिरकीत संपलं. अर्धा नाच टाकून जाणं आपल्यात अपशकुन, हे तुला सांगायला नको. तेव्हा गाई डोंगरावरून उतरल्या की दोघं या आणि उरलेला आपल्या अंगणात पुरा करा. पाद्रीबाबांना सांगून ठेवलंय.

लोभ आहेच, आता दोघांत वाटून घ्या.

तुझी आई