पोह्यांनंतर लिंबाची वाटी

बाबा, तुम्ही गेल्यावर लालबागच्या आपल्या हॉटेलातली टेबलं बदलली, करी रोडच्या बाजूला टॉवर उभे राहिले, पण गिऱ्हाइकं अजून तशीच तऱ्हेवाईक आहेत. भोईवाड्याच्या कोर्टातले एक रिटायर्ड कारकून येतात, ते पापलेटाची उलटतपासणी घेतात. "कधी आलं? सकाळी? मग डोळा असा का?" मी आपला आरोपीच्या वकिलासारखा हात बांधून उभा. एक कोळीण मावशी टोपली रिकामी करून येते आणि पुरीभाजी मागते. म्हणते, "दिसभर मासलीच बगते, ताटात पन तीच? नको रे बाबा!" तुम्हीही घरी अशा नकला करायचात, आम्ही पोट धरून हसायचो, पण कोणाची हे कधी कळू दिलं नाहीत. तुमच्या जागी मी वेटर झालो त्या सकाळी चुलीपाशी बसून तुम्ही बजावलं होतंत, "गिरायकान काय खाल्ल्यान ता आपल्या पोटात ठेवचा. भायर भेटलो तर आदी तो हसांदे, मगे तू."

आमच्याकडे एक भजनी बुवा येतात. गळ्यात तुळशीची माळ. खुर्चीवर बसायच्या आधी ती काढून चष्म्याच्या डबीत ठेवतात, डबी खिशात घालतात आणि मग शांतपणे तळलेला बांगडा मागवतात. श्रावणातसुद्धा. जेवण झालं की मी न सांगता कोमट पाण्याची वाटी आणि लिंबाची फोड पुढे करतो. ते बोटं घासघासून धुतात, हुंगतात, पुन्हा धुतात. मला त्यांची गंमतच वाटायची.

गेल्या आठवड्यात तुमच्या नातीला बघायला माणसं आली. मुलगा तिच्याच ऑफिसातला, तिनेच पसंत केलेला. दारात चपला काढत होते मुलाचे वडील, आणि बघतो तर ते आमच्या हॉटेलातले बुवाच! ते हसले नाहीत. म्हणून मीही हसलो नाही. त्यांच्या पत्नी बसल्या बसल्याच म्हणाल्या, "आमचं घर माळकरी. मासळीचा वाससुद्धा चालत नाही आमच्यात. सुनेलाही माळ घालावी लागेल." आपली पोर, जिला बोंबलाशिवाय घास उतरत नाही, ती मुलाकडे बघून म्हणाली, "सोडीन मी." बुवा खाली मान घालून पोहे खात होते. काहीतरी करायला हवं म्हणून त्यांची रिकामी बशी उचलली, आत गेलो, आणि बाहेर येऊन त्यांच्यापुढे काय ठेवलं असेल? कोमट पाण्याची वाटी आणि लिंबाची फोड!

चमच्याने खाल्लेल्या पोह्यांवर! बुवांचा चेहरा पांढराफटक. बाई वाटीकडे बघतायत, माझ्याकडे बघतायत. "हे कशाला हो?" मी म्हटलं, "वेटरचा हात, ताई. घरीसुद्धा सवय जात नाही." सगळे हसले. बुवा सर्वांत मोठ्याने हसले. हसली नाही ती फक्त पोरगी. घरी मी कधी कोणाला पाण्याचा पेला भरून दिलेला नाही, आणि ती वाटी कशानंतर येते हे लहानपणापासून हॉटेलात जेवलेल्या मुलीला मी काय सांगणार?

पाहुणे गेल्यावर तिने विचारलं, "बाबा, तुम्ही त्यांना आधीपासून ओळखता?"

"नाही गं."

"नक्की?"

"नक्की."

आज दुपारी बुवा हॉटेलात आले. डबी खिशात गेली, बांगडा मागवला, आणि जाताना त्यांनी मला हात जोडले. मला संताप आला, बाबा. माझी पोर एका शब्दावर पानातला घास सोडतेय आणि त्या घरचा कर्ता मीच वाढलेला बांगडा खाऊन मला नमस्कार करतोय. तिला माळ घालायची तर खुशाल घालू दे, पण घर कसं आहे ते कळल्यावर घालू दे.

रविवारी साखरपुडा आहे. ती बाहेर गॅलरीत फोनवर बोलतेय. तिचं बोलणं संपलं की मी तिला सांगणार आहे, म्हणजे तुमचा शब्द मोडणार आहे. या आठवडाभर मी स्वतःला समजावत होतो की वडिलांची शिकवण आहे, गिऱ्हाइकाचं बाहेर काढायचं नाही. तसं नव्हतं ते. जमलेलं लग्न मोडेल म्हणून मी घाबरलो होतो आणि नाव तुमचं पुढे केलं.