मरणाचं काम

अप्पर हट, न्यूझीलंड,
१४ सप्टेंबर २०२५

ती. आईस,
साष्टांग नमस्कार.

तुझी तब्येत छान आहे हे मला कळलंय. कसं कळलं ते पुढे लिहिते. इथे आम्ही सगळे बरे आहोत. थंडी ओसरतेय, दारातलं कोव्हाईचं झाड फुलांनी पिवळंधमक झालंय. तुझा जावई एमरे रोज ट्रेनने वेलिंग्टनला ऑफिसला जातो. फोनच करणार होते, पण माझा आवाज ऐकून तू ठेवून देशील. पत्र निदान उघडशील.

आज मुख्य म्हणजे तुला माझ्या सासऱ्यांबद्दल सांगायचंय. त्यांचं नाव नेजात. तुर्कीतही वडिलांना बाबाच म्हणतात. आपले बाबा गेले तेव्हा मी नऊ वर्षांची होते. त्यानंतर ही हाक माझ्या तोंडी आली ती थेट यांच्यासाठी.

हे बाबा इस्तंबूलच्या सिनेमात नट होते. हीरो नव्हेत. मुखवटे घातलेले चोर, तलवारी, भुतं असले झटपट काढलेले सिनेमे असायचे, त्यात खलनायकाचा उजवा हात म्हणजे आमचे बाबा. एकशे सदतीस सिनेमे केले आणि त्यातल्या एकशे बारांमध्ये मेले! कड्यावरून पडून, तलवारीने, एकदा तर रबरी ऑक्टोपसच्या मिठीत. सकाळी एका सिनेमात शिपाई, दुपारी दुसऱ्यात दरोडेखोर, मिशी तेवढी बदलायची. एकदा घोड्यावरून पडून खांद्याचं हाड मोडलं, तर हात कोटाच्या आत लपवून शॉट पुरा केला. घोडा तेवढ्या एका दिवसापुरताच मिळाला होता. आणि आई, सिनेमात आवाज नंतर भरायचे, तोही दुसऱ्याच कुणाचा. स्वतःच्या एकाही सिनेमात त्यांनी स्वतःचा आवाज ऐकलेला नाही.

"वाईट नाही वाटलं?" मी एकदा विचारलं.

"हीरो उभा दिसतो, कारण समोरचा नीट पडतो," ते म्हणाले. "मी फार नीट पडायचो."

मला हा माणूस फार आवडतो, आई.

ऑगस्टच्या शेवटच्या रविवारी दुपारी वेलिंग्टनच्या एका फिल्म सोसायटीने त्यांचा जुना सिनेमा लावला. बाबा कोट घालून, दाढी करून आले. साठेक माणसं होती. पडद्यावर बाबा गोळी लागून जिन्यावरून गडगडत आले आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. माझ्या मांडीवरची जुई ओरडली, "देदे, यू डाइड सो गुड!" देदे म्हणजे आजोबा. जुई माझी मुलगी. सहा वर्षांची आहे.

नंतर चहाला आमच्या मराठी मंडळातली विनिता भेटली. बाबा शेजारीच उभे होते. ती म्हणाली, "अगं इरावती, मे महिन्यात चिंचवडला तुझ्या आईंना भेटले. शी इज लुकिंग सो वेल!"

बाबांना तेवढं इंग्रजी कळतं.

आता लिहायलाच हवं. या घरात मी सांगितलं होतं की माझी आई वारली. एमरेला खरं माहीत होतं. माझ्यासाठी तो गप्प राहिला. बाबांना आणि जुईला माहीत नव्हतं. लग्नाच्या आदल्या दिवशी तू फोनवर म्हणालीस, "परधर्मात चाललीस ना? मग तू आम्हाला मेलीस." मी तेच तुला परत केलं. फरक इतकाच, तू रागात एकदा बोललीस, मी आठ वर्षं बोलत राहिले.

परतीच्या ट्रेनमध्ये बाबा खिडकीबाहेर बघत होते. तीन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. चौथ्या दिवशी मी शेंगा मोडत बसले होते, तिथे समोर येऊन बसले.

"असं काय केलं होतं तिने, की तू तिला मारलंस?"

मी सगळं सांगितलं. ते ऐकून घेत शेंगा मोडत राहिले. मग म्हणाले, "मी इतक्यांदा मेलो. 'कट' ऐकू आलं की उठायचो, कपडे झटकायचो, ज्याने मारलं त्याच्याबरोबर चहा प्यायचो. तुम्हा दोघींना 'कट' म्हणायला कुणी आलंच नाही, मुली."

मी रडले. ते उठून गेले नाहीत.

जुईला सांगायला तेच तयार होते, पण मी म्हटलं, "नाही बाबा, खोटं मी बोलले, मीच सांगते." काल सांगितलं. तुला एक आजी आहे, चिंचवडला राहते, मम्मा खोटं बोलली. तिने विचारलं,

"इज शी नाइस?"

"चिडकी आहे. पण हो."

"डज शी नो अबाउट मी?"

विनिताने तुला सांगितलं असेल, नसेलही. 'हो' म्हणणं सोपं होतं, पण मी "माहीत नाही" म्हटलं. आता तुला माहीत आहे. फोन नंबर पत्राच्या मागे लिहिलाय. त्यावर तू काहीही बोल, रागावही. मी ठेवणार नाही.

तुझी,
अजूनही तुझीच,
इरावती