मेदाच्या मातीला

प्रिय ब्रीझा,

तुझी आई, माझी मेदा, सुटली. आपल्यात असंच लिहायचं असतं, म्हणून लिहिलं. खरं सांगू? ती सुटली आणि मी अडकलो.

तापानं गेली. शेवटपर्यंत तोंड चालू होतं. शेळी बांधलीत का, मासे झाकलेत का. मग गप्प झाली, तेव्हा मला वाटलं रुसली असेल.

शेजारच्या कोतिला म्हातारीनं तिला न्हाऊ घातलं. गाणी झाली, दारू झाली. मातीत ठेवल्यावर आधी घरच्या माणसानं हसायचं, मग गावानं. सगळे माझ्या तोंडाकडे बघत होते. मी तोंड उघडलं आणि हंबरडाच फुटला गं! माणूस भोगातून सुटलं म्हणून हसणारे आपण, आणि मी भर गावात रडलो. कोतिला ओरडली, अरे मेल्या, जाऊ दे की तिला, कशाला मागे ओढतोस!

तुझ्या जन्माला उलटंच झालं होतं. या पोरीला जगात काय काय भोगावं लागणार, असं म्हणत सगळे भोवती बसून रडत होते आणि मी तुझी बोटं बघून दात काढत होतो. आई खाटेवरून म्हणाली, अहो, रडा की जरा, लोक काय म्हणतील! मला कधी वेळेवर काही जमलंच नाही.

तिकडे थासोस बेटावर तुझ्या सासरचे ग्रीक सांगत असतील, त्या गाणाऱ्या ऑर्फियसला आपल्याकडच्या बायकांनी मत्सरानं फाडला. काहीतरीच! त्याच्या गाण्यामागे चालत आलेले ओक वृक्ष अजून आपल्या झोनीच्या किनाऱ्यावर उभे आहेत. त्याची गोष्ट आपल्याला ठाऊक नसणार तर कुणाला? मेलेल्या बायकोसाठी तो रडला, तिला आणायला पाताळात उतरला. सुटलेल्या जिवाला पुन्हा दावणीला बांधायला निघाला, म्हणून बायका खवळल्या. लहानपणी मी त्याला येडा म्हणायचो. आज मला कुणी ती वाट दाखवली तर अनवाणी धावेन.

गाव उठतंय, ब्रीझा. बंदर गाळानं भरलं, डोंगरातले लुटारू दर सुगीला येतात. उरलेली घरं थंडीआधी मारोनिया शहरात राहायला निघालीत. माझी गाठोडी त्यांनी गाडीवरून खाली काढली. जिच्या मातीला हसू नाही ती तिथंच घुटमळते, म्हणतात, आणि तिला अडवणारा माणूस बरोबर नको. त्यांचंही चुकत नाही. मी रोज तिच्याजवळ जाऊन हसून बघतो. कोल्हा ओरडल्यासारखं होतं, आणि मग रडूच येतं.

परक्याचं हसू आधी चालत नाही, घरचंच लागतं. घरचं आता तुझ्याशिवाय कुणी उरलं नाही. जावईबापूंना सांग आणि गाव निघायच्या आत मिळेल त्या गलबतानं ये. आई गेल्याचं असं कळवायचं आणि वर तुला हसायला बोलवायचं, कसला बाप मी! पण तिला मोकळी कर गं, माझ्याच्यानं होत नाही. काय रडायचं ते वाटेत, समुद्रात रडून घे. किनाऱ्यावर सगळं गाव उभं असेल.

तुझाच, हरलेला बाबा,
दिझास